स्टाइल कधी सापडणार, असं विचारलंस म्हणून

अगं,

तुझा मेसेज दोनदा वाचला. आठ महिने एडिटिंगमध्ये असिस्टंट म्हणून फुटेज लावतेय, आवाज चित्राशी जुळवून सिंक करतेय, ताई माझी स्वतःची स्टाइल कधी बनणार, असं विचारलंयस. फोनवर हे धड बोलता आलं नसतं, म्हणून लिहितेय.

तुला केइइची उराओका हे जपानी फिल्म एडिटर माहिती आहेत का? नसणारच. ओझू, कुरोसावा हे जपानी डायरेक्टर सगळ्यांना माहीत असतात, त्यांच्या पिक्चरचा एडिटर कोण हे कुणी विचारत नाही. कुरोसावा तर स्वतःच एडिट करायचे, शूटिंग चालू असतानाच रोजचं कापत जायचे, पण तसं नशीब सगळ्यांचं नसतं. उराओका शोचिकू या जपानी फिल्म कंपनीच्या ओफुना स्टुडिओतले. त्याच स्टुडिओत योशियासू हामामुरा ओझूंचे पिक्चर जोडायचे. ओझू म्हणजे खास बनवून घेतलेलं स्टॉपवॉच हातात, त्यात सेकंदांसोबत फिल्मचे फूट आणि फ्रेमसुद्धा दिसायच्या, दोन वाक्यांमधली शांतता हा माणूस फ्रेममध्ये मोजायचा. अशा स्टुडिओत राहिलेल्या उराओकांचा हात लगेच वळला असेल असं मला नाही वाटत.

आता बघ हं. १९५९ ते ६१ डायरेक्टर कोबायाशींचा 'द ह्यूमन कंडिशन' तीन भागांत आला, सगळा मिळून साडेनऊ तासांच्या वर, त्याचं एडिटिंग उराओकांचं. मधेच १९६० ला डायरेक्टर ओशिमांचा 'नाइट अँड फॉग इन जपान' केला. पावणेदोन तासांचा पिक्चर आणि त्यात पन्नाससुद्धा शॉट (दोन कटमधला सलग तुकडा) नाहीत, म्हणजे एकेक शॉट सरासरी दोन मिनिटांच्या वर चालतो. (शोचिकूने तो थोड्याच दिवसांत थिएटरमधून काढून घेतला, पुढच्या वर्षी ओशिमांनी कंपनी सोडली, ती गोष्ट वेगळी.) मग १९६६, तेच ओशिमा, तेच उराओका, 'व्हायलन्स अ‍ॅट नून'. ९९ मिनिटं आणि जवळजवळ २००० शॉट! म्हणजे सरासरी तीन सेकंदाला एक कट. डायरेक्टर तोच, एडिटर तोच, मधे फक्त सहा वर्षं.

मग सांग मला, उराओकांची स्टाइल कुठली? मी वर्षानुवर्षं यावर विचार केलाय आणि माझं उत्तर पक्कं झालंय. एडिटरची स्टाइल ही पिक्चरला काय हवंय ते ऐकण्यात असते, आपली सवय त्याच्या गळ्यात बांधण्यात नाही. पन्नासपेक्षा कमी शॉटच्या पिक्चरलाही एडिटर लागतो बरं का, तिथे तर एक कट चुकला की दडायला जागाच नाही.

हे मी शहाणपणाने सांगत नाहीये, चूक करून शिकलेय. तरुणपणी एका डॉक्युमेंटरीत एक आजी मुलाबद्दल बोलत होती, मधे मधे थांबायची, पदर सारखा करायची, आणि मला तेव्हा वेगाचं कौतुक मिळालं होतं म्हणून मी तिचे सगळे पॉज कापून टाकले. आजी पोपटासारखी बोलायला लागली. स्क्रीनिंगला तिचा मुलगा आला होता, तो काहीच न बोलता निघून गेला, त्याची पाठ मला अजून दिसते.

आणि असिस्टंटगिरीचं म्हणशील तर ते दिवस फुकट जात नाहीत गं. त्या काळी फिल्म हातात यायची, पस्तीस एमएमच्या एका फुटात १६ फ्रेम, एका सेकंदाला २४, फिल्म सिमेंटने, म्हणजे फिल्म चिकटवायच्या द्रावाने, जोड मारला की पुन्हा बदलताना फ्रेम जायची, त्यामुळे कापायच्या आधी डोक्यात शंभरदा कापून बघायला लागायचं. तुझ्याकडे अनडू आहे, चांगलंच आहे, पण ती आधी बघायची सवय तुला मुद्दाम लावून घ्यावी लागेल.

एक गोष्ट मात्र लपवणार नाही. ताझुको साकाने नावाची बाई होती, डायरेक्टर मिझोगुचींकडे असिस्टंट आणि एडिटर, १९३६ ला स्वतः पिक्चर डायरेक्ट केला, जपानमधली पहिली बाई डायरेक्टर. दुसरं महायुद्ध संपल्यावर चीनमधल्या मांचुरियातून परत आली तर तिला पुन्हा डायरेक्टरचं काम दिलंच नाही, नोंदी ठेवणं आणि एडिटिंगच्या खोलीतली कामं एवढंच. हे वाचून मला आजही चीड येते. तेव्हा थांब असं मी सांगतेय ते शिकण्यासाठी, कुणी तुला त्या खोलीत कोंबून ठेवावं म्हणून नाही. दोन वर्षांनी स्वतंत्र काम माग, नाही दिलं तर ती जागा सोड, मी आहे.

उराओकांचं पुढचंही बघून ठेव. १९७६ ला ओशिमांच्या 'इन द रिल्म ऑफ द सेन्सेस'ची निगेटिव्ह जपानी सेन्सॉरमुळे न धुताच फ्रान्सला पाठवली, १९७९ ला डायरेक्टर इमामुरांचा 'व्हेंजन्स इज माइन', आणि १९८३ ला टोकियो खटल्यावरची (महायुद्धानंतर जपानी नेत्यांवर चाललेला) साडेचार तासांहून मोठी डॉक्युमेंटरी, सगळीकडे एडिटर म्हणून हेच नाव.

आता काम. १९६० चा आणि १९६६ चा, दोन्ही पिक्चर मिळव. आवाज बंद करून बघ, प्रत्येक कटला वहीत टिंब मार, मग आवाज लावून परत बघ आणि जिथे तू कापलं असतंस पण त्यांनी नाही कापलं तिथे बाजूला का ते लिही. रविवारी वही घेऊन ये, पोहे करते, आपण एकेक टिंब बघू.

तुझी,
ताई