सगळं आहे तरी आत रिकामं वाटतं. तुम्हाला समाधान कशात मिळालं?

तुम्ही लिहिलंय की नोकरी बरी आहे, पगार बरा आहे, एकटेच राहता, अन् संध्याकाळ झाली की आत नुसतं रिकामं वाटतं. माझं पण बरेच वर्षं असंच चाललं होतं म्हणून लिहितोय.

मी लातूरचा. दिवसभर दुकान, रात्री दहाला घरी आलो की मोबाईल बघत बघत जेवायचो, ताटात काय होतं ते सुद्धा आठवायचं नाही. मागल्या वर्षी बायकोचा हात मोडला, सहा आठवडे प्लास्टर, आईला आता होत नाही, मग दुकान लवकर बंद करून भाकऱ्या मी करायला लागलो. ती शेजारी स्टुलावर बसून सांगायची, पाणी चांगलं कढत घ्या, ज्वारीला गव्हासारखा चिकटपणा नसतो, गार पाण्यात मळलं की कडा चिरतात, अन् एका वेळी एकाच भाकरीचं मळा. पहिले आठ दिवस परातीतून उचलली की फाटायची. मग एकदा तव्यावर टाकली, वरून पाण्याचा हात फिरवला, पलटली, अन् टम्म फुगली, तशी ती लहान पोरीसारखी हसली. पंधरा वर्षांच्या संसारात आम्ही असं शेजारी बसून कधी बोललोच नव्हतो.

त्याच टायमाला आतल्या खोलीत आईचा हरिपाठ चालतो, 27 अभंग. लहानपणापासून कानावर पडलेला पण मी कधी म्हटला नव्हता, थापता थापता आपोआप तोंडात यायला लागला. आधी ध्यान करून बघितलं होतं, ते टिकलं नाही, हे टिकलंय कारण हात कामात असले की माझं मन फार पळत नाही. आपल्या पैठणच्या नाथ महाराजांनी कुठं संसार सोडला होता? पितरांसाठी रांधलेलं अन्न त्यांनी अन् गिरिजाबाईंनी दारावरच्या भुकेल्या माणसांना वाढलं ही गोष्ट आई सांगायची, ती मला आत्ता कुठं कळायला लागलीय.

तुम्ही एकटे आहात तर आठवड्यातून एकदा स्वतः रांधून कुणाला तरी जेवायला बोलवा, साधं पिठलं केलं तरी चालतंय. अन् येळवसला, म्हणजे मार्गशीर्षातल्या अमावस्येला, इकडं या. अख्खं लातूर शेतात गेलेलं असतं, कडब्याची खोप, त्यात पांडवांची पूजा, भज्जी, उंडे, मडक्यातली आंबील, अन् बांधावरून जाणाऱ्या अनोळखी माणसाला पण हाक मारून बसवतात. आमच्या खोपीत तुमचं पान वाढलेलं असेल.