ट्रायपॉड उचलू नकोस

प्रिय,

तुझा ११ मिनिटांचा पिक्चर परवा रात्री दोनदा पाहिला. काल कच्चं फुटेजही पाहिलं. ‘मला माझी स्टाइल सापडत नाही’ असं तू लिहिलं आहेस. सापडली होती गं, एडिटला बसून तूच ती कापून टाकलीस.

दिंडोरीच्या द्राक्षांच्या पॅकहाउसमधला तुझ्या आईचा शॉट. घड फिरवत ती कात्रीने खराब मणी काढते आहे. मूळ शॉट ५२ सेकंदांचा. शेवटी शेवटी ती कात्री क्रेटच्या कडेवर ठेवते, उजवा अंगठा डाव्या मुठीत घट्ट दाबते आणि परत कात्री उचलते. त्यातले तू ठेवलेस ४ सेकंद, अंगठ्याच्या आधीचे! आणि लगेच बागेवरून ड्रोन. तसा ड्रोन नाशिकच्या कुठल्याही प्री-वेडिंगमध्ये मिळेल. तो अंगठा फक्त तुझ्याकडे आहे.

ट्रायपॉड लावलास ना? मग उचलू नकोस.

पांडवलेण्याच्या पायथ्याचं फाळके स्मारक तू शाळेच्या सहलीत पाहिलं असशील. १९१२ मध्ये, ‘राजा हरिश्चंद्र’च्या आधी, आपल्या त्र्यंबकच्या या माणसाने वाटाण्याचा अंकुर चित्रित केला. रोज एक फ्रेम. पडद्यावर रोप झरझर वाढताना दिसलं तेव्हा कुठे भांडवल उभं राहिलं. ट्रिकसीन त्यांनी पुढे भरपूर केले, पण आधी ते एका रोपासमोर रोज जाऊन उभे राहिले होते.

मी नाही राहिलो. २०१९ च्या पुरात गोदाघाटावर छत्रीखाली कॅमेरा लावून दुतोंड्या मारुतीच्या मूर्तीवर फ्रेम धरली होती. पाणी मारुतीच्या कमरेला लागलेलं. तेवढ्यात मागे आरडाओरडा झाला, काहीतरी वाहत चाललं होतं, आणि मी कॅमेरा फिरवला. परत वळलो तोवर पाणी छातीच्या वर. वाहून जाणाऱ्या वस्तू त्या दिवशी शंभर मोबाइलमध्ये आल्या. मारुतीच्या अंगावर चढणारं पाणी माझ्याकडे असायला हवं होतं, ते नाही. आजही रात्री जाग आली की तो पॅन, ते कॅमेरा फिरवणं आठवतं.

त्यानंतर मी हललो नाही. एका निर्मात्याने माझे लांब शॉट निम्मे करायला सांगितले, मी पिक्चर परत घेतला. हट्टापायी मागे राहिला, असं लोक म्हणतात. म्हणू देत. लग्नाच्या शूटिंगवर घर चालवलं, मुलीचं शिक्षण केलं, पण माझ्या पिक्चरमधला एकही शॉट दुसऱ्याच्या घाईने कापला गेला नाही. हे मी उगाच सांगत नाहीये, तुझ्यावरही ती वेळ येणार आहे.

अंधेरीला जायचं का, हे मला विचारू नकोस. जायचं तर जा. फाळके १९१३ मध्ये मुंबई सोडून नाशिकला आले आणि इथे पिक्चर काढले. गावाने काही अडत नाही, ट्रायपॉड उचलल्याने अडतं.

रविवारी हार्डडिस्क घेऊन ये. ड्रोनचे शॉट आधीच काढून टाक, त्यावर मला वाद नको आहे. आणि आईला सोबत आण. ते ५२ सेकंद तिला अजून तू दाखवलेले नसणार.