मीटिंग रात्री नऊला, मग जेवावे कधी?

प्रश्न : मी ३८ वर्षांची असून नाशिकला राहते आणि गेली चार वर्षे घरूनच एका सॉफ्टवेअर कंपनीचे काम करते. ग्राहक न्यूयॉर्कचे असल्याने रात्री आठला मीटिंग असे. नोव्हेंबरपासून ती नऊला गेली आणि सगळेच विस्कटले. जेवायला अकरा, झोपायला साडेबारा-एक आणि उठायला नऊ वाजतात. पाच कप चहा होतो, त्यातला शेवटचा मीटिंगच्या तोंडावर. छातीत जळजळते, मान आखडते. सासूबाई ‘घरीच तर असतेस’ म्हणत मधेच हाक मारतात. वेळापत्रक लिहून फ्रिजवर लावले, ते चार दिवसही टिकले नाही. काय करावे?

उत्तर : फ्रिजवरचा कागद आधी काढून टाका. ऑफिसला निघण्याची वेळ दिवसाला आपोआप चौकट घालून देत असे. घरी ती आपली आपण घालावी लागते, पण त्यासाठी उठण्याची आणि लॅपटॉप मिटण्याची अशा दोनच वेळा पक्क्या केल्या तरी पुरते.

यांपैकी उठण्याची वेळ अधिक महत्त्वाची, कारण सकाळी डोळ्यांवर पडणाऱ्या उजेडावरून मेंदूतील घड्याळ रोज लावले जाते. घरातील दिव्यांचा उजेड जेमतेम काहीशे लक्स (उजेड मोजण्याचे एकक) भरतो, तर ढगाळ सकाळीही बाहेर तो काही हजार असतो. म्हणून दर दोन-तीन दिवसांनी अर्धा तास अलीकडे येत साडेसातला उठायला लागा आणि मोबाइल घरीच ठेवून वीस-पंचवीस मिनिटे बाहेर चालून या. आठवडाभर हे जमले, की रात्री बारापूर्वी डोळे मिटू लागतील.

जेवण मात्र मीटिंगनंतर नको. भरल्या पोटी आडवे झाल्यावर पोटातील आम्ल वर अन्ननलिकेत येते आणि जळजळ होते. साडेसातला भाकरी-भाजी किंवा वरणभात घरच्यांबरोबरच जेवून घ्या. मीटिंगनंतर भूक लागलीच, तर एखादे केळे पुरे. चहातले झोप उडवणारे कॅफिन शरीरात निम्मे व्हायला साधारण पाच तास लागतात, त्यामुळे शेवटचा चहा चारचा असावा. एवढे करूनही जळजळ दोन-तीन आठवडे राहिली, तर डॉक्टरांना दाखवा.

मानेसाठी लॅपटॉप चार जाड पुस्तकांवर ठेवून कीबोर्ड वेगळा जोडा, म्हणजे पडद्याची वरची कड डोळ्यांच्या रेषेत येईल. जेवणाच्या टेबलाची खुर्ची उंच पडून पाय लोंबकळत असतील, तर खाली पाट घ्या. तासातून एकदा उठणे मात्र चुकवू नका.

सासूबाईंवर रागावू नये. त्यांना आपले काम दिसत नाही, पडद्याशी बोलत बसलेली सून दिसते. चारचा चहा रोज त्यांच्याजवळ बसूनच घ्या आणि खोलीचे दार लोटलेले असेल तेव्हा मीटिंग चालू असते, एवढे सांगून ठेवा.

मीटिंग नऊला गेली, कारण नोव्हेंबरच्या पहिल्या रविवारी अमेरिकेतील घड्याळे एक तास मागे जातात. मार्चच्या दुसऱ्या रविवारी ती पुढे गेली, की आपली मीटिंग पुन्हा आठवर येईल. तेव्हाही जेवण साडेसातलाच असू द्या आणि मोकळा झालेला तास आणखी एखाद्या कॉलला देऊन बसू नका.