डोरेमॉनचा मूळ जपानी आवाज खरंच एका बाईंचा होता का? कोण होत्या त्या?

हो, बाईंचाच. त्यांचं नाव नोबुयो ओयामा. मी जपानी भाषा शिकवते आणि नव्या बॅचला पहिल्याच आठवड्यात त्यांचा आवाज ऐकवते, त्यामुळे तुमचा प्रश्न वाचून फार बरं वाटलं.

आपल्याकडच्या मुलांच्या कानात हिंदी डोरेमॉन बसलेला असतो. ओयामाबाईंचा डोरेमॉन पहिल्यांदा ऐकला की माणूस दचकतोच. जाडसर, घोगरा, किंचित बसल्यासारखा आवाज. मागे एक विद्यार्थिनी म्हणाली, "मॅडम, हा तर सर्दी झालेल्या आजोबांसारखा बोलतोय!" आणि पाच मिनिटांनी तीच मुलगी त्यात रमून गेली होती.

त्यांचा जन्म १९३३चा, तोक्योतला. शाळेत याच आवाजावरून मुलं इतकं हसायची की त्यांनी वर्गात तोंड उघडणंच बंद केलं. तेव्हा आईने समजावलं की दुबळी गोष्ट झाकून ठेवली तर ती आणखी दुबळी होते, उलट तू आवाज जास्त वापर. मग त्या शाळेत माईकवरून कार्यक्रम करणाऱ्या मुलांच्या गटात शिरल्या. हा प्रसंग त्यांनी स्वतःच पुढे लिहून ठेवलाय.

नंतर त्या हाइयुझा या नाट्यसंस्थेच्या अभिनयशाळेत शिकल्या आणि १९५७ साली 'लॅसी' या अमेरिकन मालिकेच्या जपानी डबिंगपासून आवाजाच्या कामाला लागल्या. त्या काळात 'सेइयू', म्हणजे फक्त आवाजाचं काम करणारा कलाकार, असा वेगळा पेशा जवळपास नव्हताच. चित्रपट कंपन्या आपले नट टीव्हीला देत नसत, म्हणून डबिंग नाटकवाल्यांकडे आलं. टेप महाग, त्यामुळे सुरुवातीला कितीतरी डबिंग थेट प्रक्षेपणातच व्हायचं. रात्रीच्या वेळी लहान मुलांना कामाला बोलावता येत नसे आणि मोठ्या पुरुषाचा आवाज मुलाला शोभत नसे. म्हणून मुलग्यांचे आवाज बायकांकडे आले, ते आजपर्यंत.

१९६० पासून एनएचके या जपानच्या सार्वजनिक वाहिनीवर तीन डुकरांचा एक बाहुल्यांचा कार्यक्रम लागायचा. त्यात थोरला 'बू' ओयामाबाईंचा आणि धाकटा 'ऊ' तेत्सुको कुरोयानागी यांचा. होय, मराठी घराघरांत वाचली जाणारी 'तोत्तोचान' ज्यांनी लिहिली, त्याच! हे मला कळलं तेव्हा झालेला आनंद अजून ताजा आहे. पुढे १९६९ला 'साझाए-सान' ही कार्टून मालिका सुरू झाली तेव्हा त्यातल्या कात्सुओ या मुलाचा पहिला आवाज ओयामाबाईंचा होता, थोड्याच दिवसांसाठी. १९७७च्या 'झाम्बोट-३' या रोबोंच्या कार्टून मालिकेतल्या नायकाचा आवाजही त्यांचाच.

डोरेमॉन आला २ एप्रिल १९७९ला, त्यांच्या पंचेचाळिसाव्या वर्षी. त्याआधी १९७३मध्ये एक मालिका येऊन गेली होती. तिच्यात डोरेमॉनला आधी कोसेइ तोमिता या पुरुष कलाकाराचा आवाज होता, मग मासाको नोझावांचा. (नोझावा म्हणजे पुढे 'ड्रॅगन बॉल' या कार्टून मालिकेतल्या गोकूचा आवाज.)

माझ्या मते बाईंचं सगळ्यात मोठं काम आवाजापेक्षाही डोरेमॉनच्या भाषेत आहे. त्यांनी विचार केला, की हा बाविसाव्या शतकातून एका मुलाला सांभाळायला पाठवलेला रोबो आहे, मग तो शिवराळ कसा बोलेल? म्हणून त्याच्या तोंडी घाण शब्द येऊ द्यायचे नाहीत, हे त्यांनी ठरवलं. "कोन्निचिवा, बोकु दोराएमोन देस" ही ओळखही त्यांचीच. यातलं 'बोकु' म्हणजे लहान मुलाचं 'मी' आणि 'देस' म्हणजे अनोळखी माणसाशी अदबीने बोलण्याची खूण. एका वाक्यात लहान मूलही आलं आणि सुसंस्कृत पाहुणाही. मूळ कथाकार फुजिको एफ. फुजिओ यांनी तर त्यांना सांगितलं, की डोरेमॉनचा आवाज असा होता तर!

जपानमध्ये आधी चित्र आणि मग आवाज, याला 'आफुरेको' म्हणतात. सगळे कलाकार हातात संहिता घेऊन एकाच खोलीत उभे राहतात. आपलं वाक्य आलं की माईकपुढे जायचं, संपलं की मागे सरायचं, आणि पान उलटताना कागदाचा आवाज होऊ द्यायचा नाही. डोरेमॉन, नोबिता वगैरे मुख्य पाच पात्रांच्या कलाकारांनी हे मार्च २००५पर्यंत, म्हणजे जवळजवळ २६ वर्षं एकत्र केलं. एप्रिलपासून डोरेमॉनच्या आवाजासाठी वासाबी मिझुता आल्या.

त्यानंतर २०१०मध्ये 'दांगानरोन्पा' या व्हिडिओ गेममध्ये मोनोकुमा नावाच्या क्रूर अस्वलाला त्यांनी जवळपास तोच आवाज दिला. ऐकताना अंगावर काटा येतो. पुढे स्मृतिभ्रंश झाला, २०१५मध्ये त्यांच्या यजमानांनी ते जाहीर केलं. २९ सप्टेंबर २०२४ला, नव्वदाव्या वर्षी त्या गेल्या. नोबिताचा आवाज देणाऱ्या नोरिको ओहारा त्याच वर्षी जुलैमध्ये गेल्या होत्या.

ऐकायचंच असेल तर १९८०चा डायनासोरवाला पहिला चित्रपट जपानीतच बघा, भाषा येत नसली तरी. डोरेमॉन खिशातून वस्तू काढतो तेव्हा ओयामाबाई 'ताऽऽके-कोऽऽपुताऽऽ' (डोक्यावर लावून उडायचा पंखा) असं नाव लांबवतात, तेवढं नक्की ऐका.