'आरेपो'चं सोडा, 'रोतास' बघा

प्रश्न असा आलाय: सातोर, आरेपो, तेनेत, ओपेरा, रोतास या लॅटिन 'जादूच्या चौरसा'तल्या 'आरेपो'चा अर्थ काय?

आधी तो 'जादूचा चौरस' खोडा! जादूचा चौरस आकड्यांचा असतो, उभी-आडवी बेरीज सारखी येणारा. इथे बेरीज कसली करणार? पाच वर्णांचे पाच शब्द एकाखाली एक, चारही बाजूंनी वाचा, तेच येतात. याला आपल्याकडे खणखणीत शब्द आहे: सर्वतोभद्र. संस्कृत कवी भारवीने 'किरातार्जुनीया'च्या 15व्या सर्गात तो रचलाय. 'चिमा काय कामाची' यापुढे बाळबोध. एक ओळ उलट वाचली की खेळ संपला. मात्र चौकोन देवनागरीत पडताळू नका. 'तेनेत' उलटं केलं की 'तनेते' होतं. रोमन लिपीतच मांडा: SATOR, AREPO, TENET, OPERA, ROTAS.

ढोबळ अर्थ: 'पेरणारा आरेपो मेहनतीने चाकं धरतो.' आता खरी गंमत. सगळे 'सातोर'पासून सुरुवात करतात, पण इटलीतल्या पाँपेई या प्राचीन रोमन शहराच्या भिंतीवर आणि खांबावर सापडलेले जुने चौकोन 'रोतास'पासून सुरू होतात. रोतास म्हणजे चाकं, मूळ शब्द 'रोता'. आणि हा रोता म्हणजे आपल्या 'रथा'चा सख्खा नातलग! लिथुएनियनमध्ये 'रातास', जर्मनमध्ये 'राड', दोन्हींचा अर्थ चाकच. आपल्याकडे मात्र चाकाच्या नावाने अख्खी गाडी झाली. मग चाकाला काय म्हणायचं? त्यासाठी 'चक्र' होतंच, त्याचं भावंड इंग्रजीत 'व्हील'. म्हणजे आषाढीच्या वारीत रथामागे चालणारा वारकरी आणि पाँपेईत भिंत खरडणारा रिकामटेकडा, दोघांच्या तोंडी एकच धातू. मला तर हे पंचवीस वर्णांच्या गूढापेक्षा मोठं वाटतं.

गूढवाल्यांचं म्हणणं वेगळं. फेलिक्स ग्रोसरने 1926 साली हेच वर्ण क्रुसाच्या आकारात मांडून लॅटिन 'पातेर नोस्तेर', म्हणजे ख्रिस्ती प्रार्थनेची सुरुवात, दोनदा काढून दाखवली; उरलेले दोन ए आणि दोन ओ म्हणजे आल्फा-ओमेगा, ग्रीक वर्णमालेतले पहिला आणि शेवटचा वर्ण, ख्रिस्ती लोकांचं देवाचं चिन्ह. देखणं आहे, कबूल. पण पाँपेई इ.स. 79 साली ज्वालामुखीच्या राखेखाली गेलं, आणि तेव्हाचे ख्रिस्ती प्रार्थना करायचे ती ग्रीकमध्ये. पंचवीस वर्ण हाताशी असले की हुशार माणूस त्यातून काहीही काढतो.

फ्रेंच इतिहासकार कार्कोपिनोंनी तर 'आरेपो'चं नातं प्राचीन फ्रान्समधल्या गॉल लोकांच्या 'आरेपेनिस'शी जोडून नांगर काढला. अहो, आरेपेनिस हे जमिनीचं माप! फ्रेंच 'आर्पां' त्यातूनच आला. एकराला नांगर म्हणण्यातला हा प्रकार.

हां, 'आरेपो' राहिलाच. लॅटिनमध्ये हा शब्द या चौकोनाबाहेर कुठे भेटत नाही. माझ्या मते रचणाऱ्याला 'ओपेरा' हवा होता. तो उलटा केल्यावर जे हाती आलं, ते त्याने शेतकऱ्याच्या नावावर खपवलं.