किल्लारीच्या भूकंपानंतर तिथल्या बायका पुन्हा कशा उभ्या राहिल्या?

तुम्ही विचारलंय, भूकंपात घरदार गेलेल्या बायकांनी पुढे काय केलं? मी औसा तालुक्यातला. माझी मावशी पुढे तिच्या गावात संवाद सहायक झाली, म्हणजे घर मजबूत कसं करायचं ते गावातल्यांना समजावणारी बाई. म्हणून जवळून पाहिलेलं सांगतो.

30 सप्टेंबर 1993. गणपती बोळवून लोक उशिरा झोपलेले. पहाटे चारच्या सुमारास लातूर-उस्मानाबादकडची दगडमातीची घरं झोपलेल्यांवरच कोसळली. दहा हजारांच्या आसपास माणसं गेली. कुटुंबनियोजनाचं ऑपरेशन झालेलं आणि लेकरं ढिगाऱ्यात गेलेली, अशाही आया होत्या. त्यांच्या नळ्या पुन्हा जोडायची ऑपरेशनं सरकारनं केली. सगळ्यांनाच मूल झालं नाही. या बायकांबद्दल फार कमी बोललं जातं, म्हणून आधी सांगितलं.

52 गावं नव्या जागी वसवली. पण त्याहून कितीतरी जास्त गावांत जुनीच घरं दुरुस्त करून मजबूत करायची होती. पैसे घरमालकाला हप्त्याहप्त्यानं मिळत. या कामात प्रेमा गोपालन यांच्या स्वयं शिक्षण प्रयोग संस्थेनं गावोगावच्या बायकांना संवाद सहायक म्हणून तयार केलं. माझ्या मते खरी उभारी इथून आली.

आमच्याकडची भिंत दोन पदरी, मधे चिपा, म्हणजे दगडाचे बारीक तुकडे, आणि माती. हादरा बसला की पदर सुटतात आणि वरून माळवदाचं, म्हणजे मातीच्या सपाट छताचं, ओझं येतं. म्हणून माळवदावरची माती कमी करायची आणि भिंतीत आरपार जाणारा दगड घालायचा. मावशी हे घरोघर समजावायची. एकदा गवंड्यानं आखूड दगड बसवला. मावशी घरात गेली, आतून भिंत चाचपली. दगडाचं टोक लागेना. "काढ हा," म्हणाली. "बाई, तुम्हाला काय कळतंय यातलं?" असं म्हणून तो हसला. ती तिथंच बसून राहिली. शेवटी दगड बदलला. चावडीसमोरून डोक्यावर पदर घेऊन खाली मान घालून जाणारी ही बाई!

पुढे याच बायकांनी बचत गट काढले, ग्रामसभेत बोलू लागल्या. 2001 मध्ये भूज हादरलं तेव्हा लातूरकडच्या बायका कच्छमध्ये जाऊन तिथल्या बायकांना भेटल्या, घर बांधताना काय बघायचं ते सांगून आल्या. याचा मला फार अभिमान वाटतो.

सगळ्यांचंच भलं झालं असं मात्र समजू नका. आमच्या भागात बायको गेलेल्या पुरुषांची लग्नं लवकर लागली, विधवांची क्वचितच. पत्र्याचं का होईना घर मिळालं, पण शेत दिराकडेच राहिलं. सातबाऱ्यावर नाव लागावं म्हणून आमच्या शेजारच्या काकूंनी कित्येक वर्षं हेलपाटे घातले.