वहीची मागची पानं

"मॅडम, माझ्या मुलीला आमच्यातलं काहीच नको, माझ्यामागे सगळं संपणार." दादरला माझ्याकडे समुपदेशनाला येणाऱ्या पन्नाशी-साठीच्या बायकांकडून हे इतक्यांदा ऐकलंय की शेवटी लिहायलाच बसले. (ओळखीचे तपशील बदललेत.)

परळच्या चाळीत वाढलेल्या एक काकू, साठीला आलेल्या, लेक ऐरोलीला आयटीत. वाद मालवणी मसाल्यावरून. दर मे महिन्यात लालबागच्या मिरची गल्लीत जायचं, बेडगी-संकेश्वरी निवडायची, वाळवून, भाजून कांडून आणायची, आणि लेक म्हणते मला पाकीट पुरतं. तिलाही बोलावलं. म्हणाली, "मसाला नको असं नाही हो, पण मे आला की आई महिनाभर चिडलेली, मला लहानपणापासून त्या वासाचीच धास्ती आहे."

काकू गप्प.

मी म्हटलं, आजीची, म्हणजे काकूंच्या आईची, मसाल्याची वही आणा. आणली. तेलकट, पुठ्ठा दोऱ्याने शिवलेला. लेकीने सहज मागून उघडली तर तिथे आजीच्या खाणावळीची उधारी, गिरणी कामगारांची नावं, पुढे "२ महिने", "३ महिने", एकावरही काट नाही. १८ जानेवारी १९८२ ला संप सुरू झाला, जेवणारे कोकणात गावी निघून गेले, पैसे बुडाले. काकू तेव्हा नववीत. आजी लोकांचे मसाले करून द्यायला लागली, मे मध्ये हिला मिरच्यांची देठं काढायला बसवलं आणि जूनमध्ये ही शाळेत गेलीच नाही. घरात सगळ्यांना मात्र "आई दहावी पास" एवढंच माहीत.

लेक बराच वेळ ते पान धरून बसली. मग म्हणाली, "मला वाटायचं तू माझ्यावर चिडतेस."

वही मागवायचं सुचलं याचं मला आजही समाधान आहे. मी नेहमी तीन पिढ्या समोर ठेवून बघते आणि इथे पुन्हा पटलं, आईने न सांगितलेलंही लेकीपर्यंत पोचतं, पण ते चिडचिड होऊन पोचतं. म्हणून आयांनो, साडी, पितळी डबा, रेसिपी देताना नुसतं "सांभाळ हं" म्हणू नका, ती घरात कुठल्या दिवसांत आली ते सांगा, लाज वाटते तेही, झेपेल तेवढं. समोर बसवून नको, शेंगा सोलताना, लोकलमध्ये शेजारी बसून. आणि मुलींनो, "आजी कशी होती" यावर आईला काय बोलावं कळत नाही, "हे आजी कधीपासून करायला लागली" असं विचारा.

यंदा मे मध्ये दोघी लालबागला गेल्या. लेकीने अर्धाच किलो घेतला, तिखट सोसत नाही म्हणे, आणि तिथेच आईला १७ नंबरच्या फॉर्मचं, म्हणजे बाहेरून दहावीला बसायचं विचारलं. काकू अजून हो म्हणालेल्या नाहीत.